विश्लेषण : गेमची जुनी डिस्क संगणकावर उतरवून घेणे कायदेशीर आहे का?

नाशिकमध्ये सिडको असो, इंदिरानगर असो वा कॉलेज रोड; अनेक घरांतील टीव्हीखालच्या कपाटात एखादा जुना प्लेस्टेशन आणि त्याच्या वीस-तीस डिस्क पडून असतात. कन्सोल बंद पडलेला असतो, पण पैसे मोजून घेतलेल्या डिस्क टाकवत नाहीत. त्याच डिस्कवरील गेम आता साध्या लॅपटॉपवर चालू शकतात. त्यासाठी डिस्कची प्रत संगणकावर घ्यावी लागते. आपल्याच मालकीच्या डिस्कची अशी प्रत घेणे म्हणजे पायरसी का, कायदा नेमके काय म्हणतो आणि ती सुरक्षितपणे कशी घ्यायची, याचा हा आढावा.

हा प्रश्न आताच का?

सोनीचा प्लेस्टेशन २ हा कन्सोल मार्च २००० मध्ये जपानमध्ये आला. त्याचे उत्पादन २०१३ च्या सुरुवातीला थांबले. तोवर जगभरात १५ कोटींहून अधिक कन्सोल विकले गेले होते. भारतातील एका पिढीची व्हिडीओ गेमशी खरी ओळख याच काळ्या पेटीने करून दिली. आज त्यातला सर्वात नवा कन्सोलही बारा-तेरा वर्षांचा आहे. डिस्क वाचणारी लेन्स कमजोर होते, गिअर झिजतात, सुटे भाग मिळत नाहीत. नाशिकच्या एम. जी. रोडवर मोबाइल दुरुस्तीची दुकाने रांगेने सापडतात. प्लेस्टेशन २ ची लेन्स बदलून देणारा कारागीर मात्र शोधावा लागतो.

दुसरीकडे हे जुने गेम बाजारात पुन्हा विकत मिळतीलच असे नाही. अमेरिकेतील ‘व्हिडीओ गेम हिस्टरी फाउंडेशन’ या संस्थेने जुलै २०२३ मध्ये प्रसिद्ध केलेल्या अभ्यासानुसार, तेथे प्रसिद्ध झालेल्या जुन्या गेमपैकी ८७ टक्के गेम अधिकृतपणे विक्रीस उपलब्ध नाहीत. निन्टेन्डोने मार्च २०२३ मध्ये ‘वी यू’ आणि ‘थ्रीडीएस’ या दोन कन्सोलची ऑनलाइन दुकाने बंद केली. थोडक्यात, अनेक गेमच्या बाबतीत घरातली डिस्क हाच तो गेम कायदेशीरपणे खेळण्याचा एकमेव मार्ग उरला आहे.

डिस्क खराब कशामुळे होते?

डिस्क म्हणजे पॉलिकार्बोनेट या पारदर्शक प्लास्टिकची १.२ मिलिमीटर जाडीची चकती. तिच्यात अ‍ॅल्युमिनियमचा अतिशय पातळ, आरशासारखा थर असतो. माहिती त्या थरातील सूक्ष्म खळग्यांच्या रूपात असते आणि लेझरचा किरण ती वाचतो. खालच्या चकचकीत बाजूला पडलेला चरा फक्त प्लास्टिकवर असतो, त्यामुळे अनेकदा पॉलिश करून डिस्क वाचवता येते. सीडीच्या बाबतीत छापील बाजूचा चरा अधिक घातक असतो. त्या बाजूला धातूचा थर आणि बाहेरचे जग यांच्यात लॅकरचा जेमतेम एक लेप असतो. तो उखडला की माहिती कायमची जाते. डीव्हीडीत हा थर दोन अर्ध्या जाडीच्या चकत्यांच्या मधोमध चिकटवलेला असतो, म्हणून ती थोडी अधिक सुरक्षित. पण चिकटवलेला जोड सुटला आणि हवा, ओलावा आत शिरला, तर अ‍ॅल्युमिनियमचे ऑक्सिडीकरण होते. यालाच ‘डिस्क रॉट’ म्हणतात. डिस्क उजेडासमोर धरल्यावर टाचणीच्या टोकाएवढी छिद्रे दिसू लागली, तर हा आजार सुरू झाला असे समजावे. त्यावर उपाय नाही. त्याआधी प्रत काढून ठेवणे एवढेच हाती असते.

प्रत घ्यायची म्हणजे नेमके काय करायचे?

डिस्कवरील सगळी माहिती जशीच्या तशी एका फाइलमध्ये उतरवायची. या फाइलला ‘डिस्क इमेज’ म्हणतात. प्लेस्टेशन २ चे बहुतेक गेम डीव्हीडीवर आहेत आणि ती डीव्हीडी संगणकाच्या साध्या डीव्हीडी ड्राइव्हमध्ये वाचता येते. नव्या लॅपटॉपमध्ये असा ड्राइव्ह नसतो, पण यूएसबीला जोडायचा बाहेरचा ड्राइव्ह पुरतो. ‘इमगबर्न’सारख्या मोफत प्रोग्रॅममध्ये डिस्कवरून इमेज फाइल तयार करण्याचा पर्याय निवडला की डीव्हीडीची ‘आयएसओ’ फाइल मिळते. निळ्या तळाचे काही प्लेस्टेशन २ गेम आणि काळ्या तळाचे पहिल्या प्लेस्टेशनचे गेम सीडीवर असतात. त्यांची प्रत ‘बिन’ आणि ‘क्यू’ अशा फाइलच्या जोडीत घ्यावी लागते, कारण त्यात अनेकदा गाण्यांचे वेगळे ट्रॅक असतात.

एकपदरी डीव्हीडीत जास्तीत जास्त ४.७ जीबी माहिती मावते. चौपट वेगाने वाचली तर एक भरलेली डिस्क उतरवायला साधारण पाऊण तासाचा तिसरा हिस्सा, म्हणजे पंधरा मिनिटे लागतात. चाळीस डिस्क असतील तरी सगळ्या मिळून १९० जीबीच्या आत बसतात. चरे पडलेली डिस्क कमी वेगाने वाचावी. आधी मऊ सुती कापडाने मध्यापासून कडेकडे सरळ रेषेत पुसावी. गोल फिरवून पुसल्यास नवा चरा माहितीच्या रेषेलाच समांतर पडतो आणि तो दुरुस्त होणे अवघड जाते.

प्रत बिनचूक आली की नाही, हे तपासता येते. फाइलवरून गणिती पद्धतीने एक छोटा आकडा काढतात, त्याला ‘हॅश’ म्हणतात. फाइलमधला एक बिट जरी बदलला तरी हॅश पूर्ण बदलतो. जगभरातील हौशी जतनकर्त्यांच्या ‘रिडम्प’ या प्रकल्पात हजारो मूळ डिस्कचे हॅश नोंदवलेले आहेत. आपला आकडा त्याच्याशी जुळला, म्हणजे प्रत अचूक.

सगळ्याच डिस्क अशा उतरवता येतात का?

नाही. प्लेस्टेशन ३ च्या ब्ल्यू-रे डिस्कवरील माहिती सांकेतिक रूपात असते. ती उतरवायला मोजकेच ब्ल्यू-रे ड्राइव्ह चालतात आणि त्या डिस्कची सांकेतिक किल्लीही लागते. निन्टेन्डोच्या गेमक्यूब आणि वी यांच्या डिस्क बहुतेक संगणकांचे ड्राइव्ह ओळखतही नाहीत; त्यांची प्रत सहसा त्या कन्सोलमध्येच वेगळा प्रोग्रॅम चालवून घेतली जाते. हा तांत्रिक फरक पुढे कायद्याच्या दृष्टीनेही महत्त्वाचा ठरतो.

एम्युलेटर म्हणजे काय? तो वापरणे बेकायदा आहे का?

कन्सोलच्या यंत्रणेची हुबेहूब नक्कल करणारा संगणकावरील प्रोग्रॅम म्हणजे एम्युलेटर. प्लेस्टेशन २ साठी ‘पीसीएसएक्स२’, प्लेस्टेशन ३ साठी ‘आरपीसीएस३’, गेमक्यूब आणि वीसाठी ‘डॉल्फिन’ हे प्रमुख आहेत. तिन्ही मोफत आहेत आणि त्यांचा सोर्स कोड खुला आहे. एम्युलेटर स्वतःसोबत कोणताही गेम देत नाही.

या तंत्राची कायदेशीर परीक्षा अमेरिकेत पाव शतकापूर्वी झाली. पहिल्या प्लेस्टेशनचे गेम मॅक संगणकावर चालवणाऱ्या ‘व्हर्च्युअल गेम स्टेशन’वरून सोनीने ‘कनेक्टिक्स’ कंपनीला न्यायालयात खेचले. फेब्रुवारी २००० मध्ये तेथील नवव्या सर्किटच्या अपील न्यायालयाने कनेक्टिक्सच्या बाजूने कौल दिला. कन्सोल कसा चालतो हे समजून घेण्यासाठी त्यातील प्रोग्रॅमची मधल्या टप्प्यावर केलेली प्रत ‘योग्य वापर’ ठरवली गेली. पुढे सोनीने तो एम्युलेटर विकत घेऊन बंद केला, पण निकाल कायम राहिला.

अडचण येते ती ‘बायोस’ची. कन्सोल सुरू होताना चालणारा हा मूळ प्रोग्रॅम सोनीच्या मालकीचा आहे. पीसीएसएक्स२ ला तो लागतोच. हा प्रोग्रॅम स्वतःच्या कन्सोलमधून काढून घ्यावा, असे एम्युलेटरचे निर्मातेच सांगतात. इंटरनेटवरून उतरवलेली बायोस फाइल ही दुसऱ्या कोणाच्या तरी प्रतीची प्रत असते. प्लेस्टेशन ३ च्या बाबतीत हा पेच नाही, कारण त्याचे सिस्टीम सॉफ्टवेअर सोनीच्या संकेतस्थळावरच दिलेले असते. म्हणूनच बंद पडलेला प्लेस्टेशन २ लगेच भंगारात देऊ नये, असा सल्ला जाणकार देतात. अनेकदा लेन्स गेलेल्या कन्सोलचा बाकीचा भाग शाबूत असतो आणि बायोस त्यातच असतो.

भारतीय कायदा काय म्हणतो?

कॉपीराइट कायदा, १९५७ मधील कलम ५२ मध्ये कोणत्या कृती उल्लंघन ठरत नाहीत, याची यादी आहे. त्यातील दोन पोटकलमे इथे थेट लागू पडतात. पहिले ५२(१)(एए). संगणक प्रोग्रॅमची प्रत कायदेशीरपणे ज्याच्या ताब्यात आहे, त्याला ती हरवणे, नष्ट होणे किंवा खराब होणे यापासून तात्पुरते संरक्षण म्हणून ‘बॅक-अप’ प्रत घेता येते. मात्र प्रोग्रॅम ज्या कामासाठी दिला होता, त्याच कामासाठी ती वापरायची. दुसरे ५२(१)(एडी). स्वतः कायदेशीररीत्या मिळवलेल्या प्रतीवरून बिगरव्यावसायिक, वैयक्तिक वापरासाठी प्रोग्रॅमच्या प्रती किंवा त्याचे रूपांतर करण्यास ते मुभा देते. भारतातील ही तरतूद अनेक देशांच्या कायद्यांपेक्षा उदार आहे. प्रत घेण्याचे कारण ‘नुकसान टाळणे’ हेच असले पाहिजे, अशी अट तिच्यात नाही.

गेममध्ये फक्त प्रोग्रॅम नसतो. संगीत, चित्रे आणि चलचित्रेही असतात. संगणक प्रोग्रॅम सोडून इतर कलाकृतींच्या खासगी किंवा वैयक्तिक वापरासाठीचा न्याय्य व्यवहार ५२(१)(ए) खाली मान्य आहे. दोन्ही तरतुदी एकत्र वाचल्या तर स्वतःच्या डिस्कची, स्वतःपुरती प्रत घेणाऱ्याची बाजू भक्कम दिसते. तरीही गेमच्या पाकिटातील अटींमध्ये कंपन्या प्रत करण्यास मनाई करतात आणि कलमांचा अंतिम अर्थ न्यायालयच लावते, हे लक्षात ठेवावे.

डिस्कचे ‘कुलूप’ तोडले तर?

२०१२ च्या दुरुस्तीने कायद्यात कलम ६५ए आले. हक्कांच्या संरक्षणासाठी बसवलेली परिणामकारक तांत्रिक योजना, म्हणजेच डिजिटल कुलूप, हक्कभंगाच्या उद्देशाने चुकवल्यास दोन वर्षांपर्यंत कैद आणि दंडाची तरतूद आहे. यातील ‘हक्कभंगाच्या उद्देशाने’ हे शब्द कळीचे. कायद्याने स्पष्टपणे मनाई न केलेल्या हेतूसाठी कोणी असे केले तर हे कलम आड येत नाही, असेही त्यात म्हटले आहे. अमेरिकेच्या १९९८ च्या डिजिटल मिलेनियम कॉपीराइट कायद्यात कुलूप चुकवणे हीच मुळात चूक मानली जाते. भारतीय कायदा मात्र उद्देश पाहतो.

याच कलमात दुकानदारांसाठी महत्त्वाची अट आहे. दुसऱ्याला अशा कामात मदत करणाऱ्याने त्या व्यक्तीचे नाव, पत्ता, ओळख पटवणारा तपशील आणि हेतू यांची पूर्ण नोंद ठेवली पाहिजे. ‘कन्सोल अनलॉक करून देतो’ असे सांगणाऱ्या दुकानात अशी वही आहे का, हे ग्राहकाने विचारायला हरकत नाही.

प्लेस्टेशन १ आणि २ च्या मालकांना आणखी एक दिलासा आहे. पहिल्या प्लेस्टेशनच्या डिस्कवरील संरक्षण डिस्कच्या सुरुवातीच्या भागातील एका खास नागमोडी खुणेत असते. नकली डिस्क कन्सोलमध्ये चालू नये, एवढेच तिचे काम. डिस्कवरील माहिती त्यामुळे सांकेतिक होत नाही. प्लेस्टेशन २ च्या डीव्हीडीतील माहितीही साध्या ड्राइव्हला वाचता येते. त्यामुळे संगणकावर प्रत घेताना ती सांकेतिक लिपी फोडण्याचा प्रश्न सहसा येत नाही. प्लेस्टेशन ३ आणि वीच्या बाबतीत तो येतो.

मग कायदा कुठे मोडतो?

पहिली गोष्ट, मूळ डिस्क अस्सल हवी. दोन हजारच्या दशकात चिप बसवलेले कन्सोल आणि कॉपी केलेल्या डिस्क देशभर सर्रास विकल्या गेल्या. तशी डिस्क म्हणजे ‘कायदेशीररीत्या मिळवलेली प्रत’ नव्हे, मग तिच्यासाठी कितीही पैसे मोजलेले असोत. घरी बर्न केलेल्या डीव्हीडीच्या तळाला बहुधा जांभळट छटा असते. कारखान्यात छापलेल्या डिस्कच्या मधल्या कड्यात बारीक संकेतांक कोरलेले असतात.

दुसरी, प्रत स्वतःच्याच डिस्कवरून घ्यावी. ‘माझ्याकडे डिस्क आहे, म्हणून इंटरनेटवरून फाइल उतरवली’ हा युक्तिवाद कायद्याच्या शब्दांत बसत नाही. तिसरी, प्रत पेन ड्राइव्हवरून मित्राला देणे, टेलिग्रामवर टाकणे किंवा विकणे हा वैयक्तिक वापर नव्हे. चौथी, डिस्क विकली तर प्रतही पुसावी, कारण कायदेशीर ताबा तिच्यासोबत गेला.

उल्लंघनासाठी कलम ६३ मध्ये सहा महिने ते तीन वर्षे कैद आणि ५० हजार ते दोन लाख रुपये दंड आहे. प्रोग्रॅमची बेकायदा प्रत जाणूनबुजून संगणकावर वापरल्यास कलम ६३बी लागू होते. त्यात किमान सात दिवसांची कैद आहे. वापर व्यावसायिक नसेल, तर कारणे नोंदवून न्यायालय कैद टाळू शकते आणि ५० हजारांपर्यंत दंड करू शकते.

अमेरिकेत काय चालले आहे?

तिथे वारे उलट दिशेने वाहत आहे. निन्टेन्डोने फेब्रुवारी २०२४ मध्ये ‘युझू’ या स्विच कन्सोलच्या एम्युलेटरच्या निर्मात्यांवर दावा ठोकला. कुलूप चुकवण्यास मदत केल्याचा आरोप त्यात होता. आठवडाभरातच निर्मात्यांनी २४ लाख डॉलर देण्याचे मान्य करून प्रकल्प गुंडाळला. ऑक्टोबर २०२४ मध्ये तेथील कॉपीराइट कार्यालयाने ग्रंथालयांना जुने गेम अभ्यासकांना दूरस्थ पद्धतीने उपलब्ध करून देण्याची सवलत नाकारली. म्हणजे संस्थांच्या हाताने होणारे जतनही तिथे मर्यादित राहिले.

हे काम ग्रंथालयांनी का करू नये?

नाशिकचे सार्वजनिक वाचनालय १८४० पासूनचे. जुने ग्रंथ आणि पोथ्या जपण्याची परंपरा या शहराला आहे. पण गेमच्या बाबतीत कायदाच आड येतो. कलम ५२(१)(एन) नुसार बिगरव्यावसायिक सार्वजनिक ग्रंथालयाला जतनासाठी एखादी कलाकृती इलेक्ट्रॉनिक माध्यमात साठवता येते. मात्र त्याच्याकडे तिची ‘अडिजिटल’ प्रत आधीपासून असली पाहिजे. पोथी या व्याख्येत बसते. गेमची डिस्क जन्मतःच डिजिटल, म्हणून ती बसत नाही. ग्रंथांच्या प्रती राष्ट्रीय ग्रंथालयाकडे पाठवणे बंधनकारक करणारा १९५४ चा कायदाही पुस्तके आणि वृत्तपत्रांपुरताच आहे. परिणामी, डिस्कची प्रत करण्याचा सर्वात स्पष्ट अधिकार तिच्या सामान्य मालकाकडेच राहतो.

वेळेत प्रती न राहिल्याची किंमत नाशिकला ठाऊक असायला हवी. त्र्यंबकेश्वरला जन्मलेल्या दादासाहेब फाळके यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ ३ मे १९१३ रोजी मुंबईच्या कोरोनेशन सिनेमात झळकला. चार रिळांच्या त्या चित्रपटातील पहिले आणि शेवटचे रीळ एवढेच पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयात उरले आहे. तेही फाळके यांनी १९१७ मध्ये पुन्हा चित्रित केलेल्या आवृत्तीचे असावे, असे काही अभ्यासक मानतात. हे संग्रहालय स्थापन झाले ते १९६४ मध्ये. तोवर मूकपटांच्या काळातील बहुतेक ठेवा नष्ट झाला होता.

गेमच्या बाबतीतही असा ठेवा आहे का?

आहे. हैदराबादच्या ऑरोना टेक्नॉलॉजीजने तयार केलेला ‘हनुमान : बॉय वॉरियर’ २००९ मध्ये प्लेस्टेशन २ वर आला. संपूर्णपणे भारतात घडवलेला या कन्सोलचा पहिला गेम म्हणून त्याची नोंद होते. त्याच वर्षी आलेल्या ‘देसी अड्डा’त कबड्डी आणि विटीदांडूसारखे आपले खेळ होते. मुंबईच्या ट्राइन स्टुडिओने ‘स्ट्रीट क्रिकेट चॅम्पियन्स’मध्ये गल्लीतले क्रिकेट आणले आणि २०११ मध्ये ‘रा.वन’चा गेम केला. भारतीय गेम उद्योगाची ही पहिली पावले आहेत. परदेशी जतनकर्त्यांच्या कपाटात ती सापडण्याची शक्यता कमी; ती सापडली तर नाशिक, नागपूर किंवा नगरच्या घरातच सापडतील. आणि कॉपीराइटची मुदत किमान ६० वर्षांची आहे. ती संपून हे गेम सर्वांसाठी खुले होईपर्यंत प्लास्टिकची डिस्क टिकेल, याची खात्री कोणी देऊ शकत नाही.

घरात डिस्क असतील तर काय करावे?

आधी अस्सल डिस्क वेगळ्या काढाव्यात. भारतीय गेम आणि छिद्रे किंवा चरे दिसू लागलेल्या डिस्क आधी उतरवाव्यात. हॅश तपासून फाइलच्या दोन प्रती दोन वेगळ्या ठिकाणी ठेवाव्यात, कारण हार्ड डिस्कही कधी तरी दगा देते. पाकीट, पुस्तिका आणि असल्यास बिल जपून ठेवावे. डिस्क कायदेशीरपणे मिळवल्याचा तोच पुरावा. मूळ डिस्क प्लास्टिकच्या डबीत, उभी, उन्हापासून आणि पावसाळी ओलाव्यापासून दूर ठेवावी आणि प्रत घेतली म्हणून ती रद्दीत देऊ नये. प्रत वापरण्याचा अधिकार शेवटी त्या डिस्कच्या ताब्यावरच उभा आहे.